आडनावावरून आलेलं मुलाचं नाव: अर्थ आणि मूळ कसं शोधायचं, आमच्या झेवियरच्या निमित्ताने

माझ्या भाचीला कुडाळला मुलगा झाला आणि नाव ठरलं झेवियर. ठरलं म्हणजे घरात ते आधीपासून होतंच, आजोबांच्या मोठ्या भावाचं, त्यामुळे वाद झाला नाही. पण जावयाने मोबाइलवर अर्थ शोधला तर आला "तेजस्वी, मूळ अरबी", आणि भाचीने रात्री साडेदहाला फोन करून विचारलं, "मावशी, आपल्या साय्बाचं नाव अरबी कसं गं?" साय्ब म्हणजे आमचे संत फ्रान्सिस झेवियर. मागून आमच्या शामायचा, म्हणजे आजीचा आवाज, "झेवियर कोण तो? आमचो तो शावियेर." मी म्हटलं दोन दिवस थांब, नीट बघून सांगते. त्या दोन दिवसांचे दोन आठवडे झाले पण इतकं काही सापडलं की म्हटलं लिहूनच ठेवावं, कारण आमच्या वेंगुर्ला, सावंतवाडी, मालवण भागात झेवियर, सावियो, बॉस्को, ब्रिटो, नेल्सन, विल्सन अशा नावांची कितीतरी मुलं आहेत आणि ही सगळी नावं मुळात कोणाची तरी आडनावं आहेत, हे आईबापांना बहुतेक माहीत नसतं.

आधी एक गोष्ट समजून घ्या. आनंद, विजय, प्रकाश अशा नावांचा अर्थ शब्दकोशात मिळतो, तिथे काम संपतं. आडनावावरून आलेल्या नावाचं तसं नाही, त्याचे दोन जन्म असतात. पहिला जन्म म्हणजे तो शब्द एखाद्या गावाला, घराला, धंद्याला किंवा बापाच्या नावाला चिकटला तेव्हाचा. दुसरा म्हणजे ते आडनाव असलेला एखादा माणूस इतका मोठा झाला की लोकांनी त्याचं आडनाव उचलून स्वतःच्या पोराला पहिलं नाव म्हणून लावलं तेव्हाचा. ॲपवर ह्यातलं एकही नीट मिळत नाही, तिथे नुसता एक गोड शब्द मिळतो. आपल्याला दोन्ही शोधायचेत, आणि शोधायचे उलट क्रमाने, म्हणजे आधी माणूस, मग शब्द.

तर पहिलं काम घरातच आहे, इंटरनेट बंद ठेवा आणि जुन्या माणसांना विचारा की हे नाव कोणाचं म्हणून ठेवलं. संताचं? आजोबांचं? डॉक्टरचं, क्रिकेटरचं, बाबांच्या जहाजावरच्या कॅप्टनचं? आमच्याकडे दर्यावर नोकरी केलेली माणसं भरपूर, त्यामुळे हा शेवटचा प्रकार खरंच असतो. वॉशिंग्टन सुंदर हा आपला क्रिकेटर घ्या. कोणालाही वाटेल अमेरिकेच्या अध्यक्षाचं नाव आहे, पण त्याच्या वडिलांना लहानपणी शाळेच्या फीला, पुस्तकांना, क्रिकेटला मदत करणारे एक निवृत्त लष्करी गृहस्थ शेजारी होते, त्यांचं नाव वॉशिंग्टन, आणि त्यांची आठवण म्हणून मुलाचं नाव ठेवलं. आता इथे तुम्ही जॉर्ज वॉशिंग्टनचा सगळा इतिहास वाचून काढला तरी मूळ चुकलंच की. नेल्सन मंडेलांचं पण तसंच, त्यांचं घरचं नाव रोलिह्लाह्ला, नेल्सन हे शाळेच्या पहिल्या दिवशी बाईंनी दिलेलं. म्हणून कोणाचं नाव आणि कोणी दिलं हे दोन प्रश्न आधी.

घरात कोणाला आठवत नसेल तर बाप्तिस्म्याचा दाखला काढा. चर्चच्या नोंदवहीत मुलाचं नाव, आईबाप, पाद्रीन, मादीन म्हणजे धर्मपिता आणि धर्ममाता, तारीख सगळं असतं. फादरना शांतपणे, फेस्ताची म्हणजे संताच्या सणाची गडबड नसताना भेटा आणि अंदाजे साल सांगा, नुसतं "आमच्या आजोबांचं बघा" म्हटलं तर ते तरी किती वह्या चाळणार. जुन्या नोंदी लॅटिनमध्ये किंवा पोर्तुगीजमध्ये असू शकतात, तेव्हा अक्षर बघून घाबरू नका, फ्रान्सिस्कुस क्सावेरियुस असं काही दिसलं तर तो आपलाच झेवियर. आमच्या आजोबांच्या भावाचं असंच निघालं, सगळा गाव त्यांना शावियेर म्हणायचा पण कागदावर पूर्ण नाव फ्रान्सिस्को शावियेर. म्हणजे पहिलं नाव फ्रान्सिस्को, आणि आम्ही ज्याला नाव समजत होतो तो त्याचा शेपटाचा भाग.

आणि इथेच पहिली गाठ सुटते. फ्रान्सिस नावाचे संत बरेच, असिसीचे फ्रान्सिस तर सगळ्यांना माहीत. मग आपण कोणत्या फ्रान्सिसचं नाव ठेवतोय हे कळावं म्हणून बाप्तिस्म्यात जोडनाव द्यायचे, फ्रान्सिस झेवियर. बोलताना लांब पडतं म्हणून पुढचा अर्धा भाग गळून गेला आणि आडनाव एकटंच नाव होऊन बसलं. सावियो म्हणजे दोमेनिको सावियो, बॉस्को म्हणजे जॉन बॉस्को, ब्रिटो म्हणजे जॉन दे ब्रिटो, सगळीकडे हीच पद्धत. तुमच्या घरातलं नाव असं जोडनावातून तुटून आलंय का ते बघा, आलं असेल तर ते आडनावच आहे हे नव्वद टक्के पक्कं.

मग तारखेची कसोटी लावा, ही मला फार उपयोगी पडली. आडनाव हे नाव म्हणून तेव्हाच पसरतं जेव्हा तो माणूस लोकांना माहीत होतो. फ्रान्सिस झेवियर यांना १२ मार्च १६२२ रोजी संत घोषित केलं, त्यामुळे त्यानंतरच्या कुठल्याही पिढीत झेवियर सापडला तर आश्चर्य नाही. पण दोमेनिको सावियो १८४२ साली जन्मला, पंधरा वर्षं पूर्ण व्हायच्या आत १८५७ साली गेला आणि संत झाला १९५४ साली. बॉस्को संत झाले १९३४ साली, ब्रिटो १९४७ साली. म्हणून कोणी सांगितलं की आमच्या खापरपणजोबांचं नाव सावियो होतं तर कागद परत एकदा बघा, बहुतेक ते दुसरंच काहीतरी असेल आणि अक्षर वाचताना चूक झाली असेल.

आता माणूस सापडला की दुसरं काम, त्याचं आडनाव कुठल्या जातीचं आहे ते ओळखणं. जात म्हणजे प्रकार. हे काम कोकणातल्या माणसाला जेवढं सोपं तेवढं कोणालाच नाही, कारण आपण आडनावांच्या कारखान्यातच राहतो. तेंडोलीचा तेंडुलकर, आचऱ्याचा आचरेकर, नेरूरचा नेरूरकर, वालावलचा वालावलकर, केळूसचा केळूसकर, चिंदरचा चिंदरकर, म्हापणचा म्हापणकर. गावाला कर लावला की आडनाव तयार. कामावरून सुतार, कुंभार, सोनार, हुद्द्यावरून कुलकर्णी, सरदेसाई, खोत, गावकर. रंगरूपावरून काळे, गोरे. जगभर ह्यापेक्षा वेगळं काही झालेलं नाही. गाव, घर, धंदा, बापाचं नाव, रूप किंवा स्वभाव, एवढ्यातच बहुतेक आडनावं बसतात. बापाच्या नावाचा प्रकार आपल्याकडे आडनावात कमी दिसतो कारण आपण बापाचं नाव मध्येच लावतो, पण तिकडे ते आडनावात घट्ट झालं, नेल्सन म्हणजे नील किंवा नेलचा मुलगा, विल्सन म्हणजे विलचा. आणि आमच्याच फर्नांडिस, रॉड्रिग्ज ह्या आडनावांच्या शेवटी जो स किंवा ज आहे तो पण तोच, फर्नांडोचा, रॉड्रिगोचा.

झेवियर कुठल्या प्रकारचं? सरळ गावाचं. आणि ह्याची गोष्ट मला इतकी आवडलीय की थोडं लांबलं तरी चालेल.

आपला गोंयचो सायब, फ्रान्सिस झेवियर, यांचा जन्म ७ एप्रिल १५०६ चा, स्पेनच्या उत्तरेला नवारा म्हणून तेव्हा स्वतंत्र राज्य होतं तिथला. वडील हुआन दे जासो, राजाच्या दरबारातले मोठे अधिकारी. आई मारिया दे आस्पिलकुएता. हाविएर नावाचा किल्ला आईकडून आलेला, त्याच किल्ल्यात हे जन्मले. म्हणजे वडिलांचं आडनाव जासो, तेही गावाचंच. एक भाऊ कॅप्टन हुआन, तो आईचं आस्पिलकुएता लावायचा, १५३५ साली पॅरिसमधून फ्रान्सिसनी पत्र लिहिलं ते ह्याच भावाला. आणि फ्रान्सिस स्वतः किल्ल्याच्या नावाने ओळखले गेले. एका घरात तीन आडनावं! शहरातल्या माणसाला हा गोंधळ वाटेल, पण आपल्याला नाही वाटणार. बाबासाहेबांच्या घराण्याचं मूळ आडनाव सकपाळ, गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे, आणि गावावरून आंबडवेकर. कुळाचं एक आणि गावाचं एक, अशी दोन आडनावं असलेली घरं प्रत्येक वाडीत सापडतील. तेव्हा जुन्या कागदात एकाच घरातल्या दोन भावांची दोन आडनावं दिसली तर लगेच "ही आपली माणसं नाहीत" म्हणून सोडून देऊ नका.

तर झेवियर म्हणजे हाविएर गावचा. आपल्या भाषेत हाविएरकर. पण मग हाविएर म्हणजे काय? इथे तिसरं काम सुरू होतं आणि बहुतेक लोक इथेच चुकतात. गावाच्या नावाचा अर्थ शोधताना आज तो गाव कुठल्या देशात आहे ते बघून चालत नाही, तिथे जुनी माणसं कोणती भाषा बोलायची ते बघायचं. हाविएर आज स्पेनमध्ये आहे म्हणून स्पॅनिश शब्दकोश उघडला तर हाती काही लागत नाही. त्या भागाची जुनी भाषा बास्क, जिचं स्पॅनिशशी, पोर्तुगीजशी, लॅटिनशी काही नातं नाही, अजूनही बोलली जाते. आणि बास्कमध्ये एचे म्हणजे घर, बेरी म्हणजे नवीन. एचेबेरी, नवीन घर. सुरुवातीचा ए गळला, च चा श झाला, बेरीचं बिएर झालं आणि उरलं शाबिएर. बास्क लोक आजही हे नाव शाबिएर असंच म्हणतात. शब्द एवढा झिजतो का असं वाटत असेल तर आपल्या चौलकडे बघा, शिलाहारांच्या लेखांत ते चेमुल्य आहे. श्रीस्थानकाचं ठाणं झालं. दर्याकाठच्या दगडासारखी गावांची नावं घासली जातात.

नवीन घर! मला हे कळलं तेव्हा मी एकटीच मागच्या पडवीत बसून हसत होते, आनंदाने. कारण आपल्याकडे नवघर आहेच की, उरणजवळ एक आहे, वसईकडे एक आहे, आणि नवघरे आडनावाची माणसं पण आहेत. झेवियर म्हणजे बास्क भाषेतला नवघरे. शामायला सांगितलं तर ती म्हणाली, "मागीर बरें," म्हणजे मग बरं. तिच्या हिशोबात हे तेजस्वीपेक्षा कितीतरी भारी होतं, घर बांधायला किती कष्ट पडतात हे तिने बघितलंय, चिरे डोक्यावरून वाहिलेत तिने.

आता कोणी म्हणेल की शब्द तोडून अर्थ लावणं सोपं आहे, कोणताही शब्द कसाही तोडता येतो. बरोबर आहे, म्हणूनच भावंडं शोधायची. हे चौथं काम. एका शब्दावर विश्वास ठेवू नका, त्याच पद्धतीने बनलेली दुसरी आडनावं त्याच मुलखात आहेत का ते बघा. बास्क मुलखात एचेबेरिया हे आडनाव आहे, त्याचंच स्पॅनिश वळणाचं एचेवेरिया, आणि घासलेलं चावारी पण आहे, सगळ्यांचा अर्थ तोच, नवीन घर. गोइकोएचेआ म्हणून आडनाव आहे, त्याचा अर्थ वरचं घर. इरिबेरी म्हणजे नवीन गाव. म्हणजे एचे आणि बेरी हे दोन्ही तुकडे वेगवेगळ्या नावांत त्याच अर्थाने परत परत येतात, तेव्हा आपली फोड हवेतली नाही. आणि जरा विचार करा, आपल्या वाडीत पण वरचं घर, खालचं घर, मधलं घर असंच म्हणतात ना, आणि पोरं शाळेत भांडली की "तो वरच्या घरातला" असंच सांगतात. बास्क लोकांनी तेच कागदावर चढवलं. किल्ला शेकडो वर्षं जुना असून नाव नवीन घर, हे पण खटकून घेऊ नका, वेंगुर्ल्याचा नवाबाग कधीचा आहे, आजून नवाच म्हणतात.

ह्याच शोधात आणखी एक मिळालं ते सांगायलाच पाहिजे. झेवियर पॅरिसला शिकत असताना त्यांचे सोबती होते इग्नेशियस लोयोला, दोघांनी आणि इतरांनी मिळून १५ ऑगस्ट १५३४ रोजी मोंमार्त्रच्या टेकडीवर शपथ घेतली, त्यातून पुढे येशूसंघ झाला. लोयोला पण बास्क, पण घराचं नाव. बास्कमध्ये लोइ म्हणजे चिखल, ओला हा जागा दाखवणारा शेवट, चिखलाची जागा असा त्याचा अर्थ लावतात. आणि लोकमान्य टिळकांचं मूळ गाव दापोली तालुक्यातलं कुठलं? चिखलगाव. मला ह्यात फार मोठं काहीतरी आहे असं नाही म्हणायचं, पण पावसाळ्यात ज्याने शेत बघितलंय त्याला कळतं की माणूस जिथे राहतो ती जागा जशी दिसते तसंच नाव पडतं, मग तो कोकणात असो की बास्क मुलखात. लोयोला नावाचा मुलगा कोणाच्या घरात असेल तर अर्थ ऐकून तोंड वाकडं करू नका. चिखल आहे म्हणून भात आहे.

आता त्या अरबी तेजस्वीचं काय? ॲपवाले खोटं बोलतात असं म्हणण्यापेक्षा असं समजा की त्यांना प्रत्येक नावासमोर काहीतरी छान लिहायचं असतं, आणि एकाने लिहिलं की दुसरा उचलतो. तुम्ही अर्थाला प्रश्न विचारा. कुठल्या भाषेतला कोणता शब्द, नुसतं अरबी म्हणून नाही चालणार, शब्द दाखवा. त्या भाषेतून तो त्या गावाला कसा लागला. त्याची भावंडं कुठे आहेत. आणि तो अर्थ माणसाच्या नावाचा आहे की गावाच्या, कारण झेवियर हे त्या संताच्या आधी माणसाचं नाव नव्हतंच, किल्ल्याचं आणि गावाचं होतं, आणि किल्ल्याला घर म्हणतील की तेजस्वी मुलगा म्हणतील? तेजस्वी ह्यातल्या एकाही प्रश्नाला टिकत नाही. नवीन घर सगळ्यांना टिकतं.

उच्चाराकडे पण लक्ष द्या, कारण उच्चार हा जुना साक्षीदार असतो. हे नाव एक्स अक्षराने सुरू होतं, आणि जुन्या स्पॅनिशमध्ये ते एक्स श सारखं बोललं जायचं, पुढे स्पेनमध्ये तो श बदलत बदलत घशातला ह झाला आणि अक्षर पण बदललं, म्हणून आज हाविएर. पोर्तुगीजांनी श ठेवला, म्हणून गोव्यात आणि आमच्याकडे शावियेर. इंग्रजांनी शब्दाच्या सुरुवातीचा एक्स त्यांच्या सवयीने झ वाचला, म्हणून शाळा-कॉलेजांतून आला झेवियर, मुंबईचं सेंट झेवियर्स कॉलेज १८६९ सालचं, तिथून तो उच्चार घरोघर पसरायला वेळ लागला नसेल. आता सांगा, त्या किल्ल्यात जन्मलेल्या माणसाच्या कानाला ओळखीचा उच्चार कोणाचा? आमच्या शामायचा. तिला आम्ही वर्षानुवर्षं सुधारत होतो, "शावियेर नाही गं, झेवियर," आणि बरोबर तीच होती. म्हणून घरातल्या म्हाताऱ्या माणसाचा उच्चार आधी रेकॉर्ड करून ठेवा, मग सुधारायला जा.

बाकीच्या नावांचं थोडक्यात सांगते. सावियो इटालियन, अर्थ शहाणा, समजूतदार, हे स्वभावावरून पडलेलं आडनाव. बॉस्को पण इटालियन, अर्थ रान, झाडी. नेल्सन आधी इंग्लंडच्या आरमारातल्या नेल्सनमुळे पसरलं, जो १८०५ साली ट्राफल्गारच्या लढाईत मेला, नंतरच्या पिढीला मंडेलांमुळे जवळचं झालं, म्हणून कोणता नेल्सन ते सालावरून ठरवा. विल्सनच्या बाबतीत आपल्या किनाऱ्यावर एक वेगळा माणूस आठवायला हवा, जॉन विल्सन, १८२९ साली मुंबईत उतरलेले स्कॉटिश मिशनरी, मराठी शिकायला आधी हर्णै-बाणकोटकडे राहिले, गिरगाव चौपाटीसमोरचं विल्सन कॉलेज त्यांच्याच नावाचं. हिंदू घरांतून टिळक किंवा तिलक नाव ठेवतात, तिथे मात्र जपून, कारण लोकमान्यांच्या आधीपासून तिलक हा संस्कृत शब्द नावात होताच, तेव्हा कपाळावरच्या टिळ्याचं नाव ठेवलंय की रत्नागिरीत १८५६ साली जन्मलेल्या माणसाचं, हे ठेवणारालाच विचारावं लागेल. आणि काही वेळा ज्याला आपण आडनाव समजतो ते घराण्याचं नसतंच, तमिळनाडूचे स्टॅलिन १ मार्च १९५३ रोजी जन्मले, रशियाचा स्टॅलिन ५ मार्चला गेला, त्याच्यावरून नाव, पण त्या रशियन स्टॅलिनचं खरं आडनाव जुगाश्विली, स्टॅलिन हे पोलादावरून स्वतः घेतलेलं. म्हणजे तिथे पहिला जन्मच त्या माणसाच्या हातचा.

आता कागदपत्रांचं, कारण अर्थ शोधून झाला आणि स्पेलिंग चुकलं तर पुढे मुलाला त्रास. माझ्या चुलत भावाचं शाळेच्या रजिस्टरला जेवियर, दहावीच्या मार्कशीटवर झेविअर, आणि रेशनकार्डावर तर तिसरंच, आणि जहाजावर नोकरीला लागायच्या वेळी त्याला प्रतिज्ञापत्र, राजपत्रात नावबदल, हे सगळं धावपळ करून करावं लागलं, तेही जॉइनिंगची तारीख डोक्यावर असताना. शाळेत कोणी मुद्दाम केलं नव्हतं, घरातूनच कोणी नीट लिहून दिलं नव्हतं. म्हणून जन्म झाल्यावर २१ दिवसांच्या आत नोंदणी करा, पण नाव ठरलं नसेल तर घाईने काहीतरी लिहू नका, नावाशिवाय नोंदणी होते आणि १२ महिन्यांपर्यंत नाव फी न भरता घालता येतं, त्यानंतर १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. पण तितकं थांबायची गरज काय, आणि १ ऑक्टोबर २०२३ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांना तर शाळाप्रवेश, लायसन्स, पासपोर्ट सगळीकडे जन्मदाखलाच मुख्य पुरावा धरणार आहेत. तेव्हा एका कागदावर मोठ्या अक्षरात देवनागरी आणि इंग्रजी दोन्ही नाव लिहा, ग्रामपंचायतीत किंवा नगरपंचायतीत जाताना तोच कागद न्या, बाप्तिस्म्याच्या वेळी फादरना तोच दाखवा, आधारला तोच. दाखला हातात आला की काउंटरवरून हलायच्या आधी वाचा.

देवनागरीत काय लिहावं ह्याबद्दल माझं मत विचाराल तर झेवियर लिहा, कारण बाहेर सगळे तसंच वाचणार आणि लिहिणार, आणि घरात शावियेर म्हणा. दोन्ही खरे आहेत, एक कागदाचं आणि एक घरचं. भाचीला आधी वाटत होतं की शावियेर लिहिलं तर वेगळं दिसेल, छान दिसेल, पण त्या पोराला जन्मभर प्रत्येक ऑफिसात समजावत बसावं लागलं असतं.

शेवटी हे सगळं शोधलेलं एका पानावर उतरवून बाप्तिस्म्याच्या दाखल्यासोबत प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये ठेवा, कारण सांगणारी माणसं राहत नाहीत. आम्ही वहीचं पान घेतलं. वर नाव, खाली कोणाचं म्हणून ठेवलं ते, म्हणजे खापरपणजोबांच्या पिढीतले आमचे शावियेर, जे नोव्हेंबरच्या २४ तारखेला नोव्हेना, म्हणजे फेस्ताआधीची नऊ दिवसांची प्रार्थना सुरू झाली की जुन्या गोव्याला चालत जायची तयारी करायचे आणि ३ डिसेंबरचं फेस्त करूनच परतायचे. त्याखाली ज्यांच्यावरून त्यांचं नाव पडलं ते, ६ मे १५४२ रोजी गोव्यात उतरलेले आणि ३ डिसेंबर १५५२ रोजी चीनच्या किनाऱ्याजवळ एका बेटावर गेलेले, ज्यांचं शरीर जुन्या गोव्याच्या बोम जेझू चर्चमध्ये आहे आणि २०२४ च्या दर्शनाला आम्ही रांगेत उभं राहून बघून आलो. त्याखाली गाव, हाविएर, जिथे अजूनही मार्च महिन्यात लोक चालत त्या किल्ल्याला जातात. आणि त्याखाली शब्द, एचे आणि बेरी, नवीन घर. भाचीने शेवटी पेन घेऊन शामायला विचारलं अजून काय लिहू, तर ती म्हणाली, "बरय, शावियेर. श काडूं नाका." म्हणजे लिही शावियेर, श काढू नका. तेवढंच मोठ्या अक्षरात तिने खाली लिहिलं.